देवबागचं मुख, सातशे रुपये आणि दोन डॉल्फिन

पोस्टरवर डॉल्फिन हवेत होता. अख्खा, शेपटीसकट, पाण्याच्या दोन हात वर, आणि त्याच्या मागे धबधबा कोसळत होता. खाली लिहिलेलं: 'मॉन्सून स्पेशल. नाशिक ते नाशिक. गाइडसह सागरी सफर, वन्यजीव व धबधबे. माणशी ६,५००.' नाशिकच्या सिडकोतल्या आमच्या ग्रुपवर मेहुण्याने ते टाकलं आणि अर्ध्या तासात चौदा अंगठे वर झाले. पुढे अंगठा कोणी कोणाला दाखवला ते ओघात येईलच.

आधी त्या चित्राबद्दल. डॉल्फिन बघायचे मालवणजवळच्या देवबाग-निवतीच्या समुद्रात आणि धबधबा आंबोलीत, म्हणजे मध्ये गाडीने अडीच-तीन तास. ते एक वेळ चालेल, पण दोघांचा मोसमही वेगळा. मे संपत आला की कोकणातल्या पर्यटनाच्या होड्या वर ओढून ठेवतात, त्या पाण्यात जातात सप्टेंबरात. यांत्रिक मासेमारी तर १ जून ते ३१ जुलै बंदच असते. धबधबा मात्र नेमका त्याच दिवसांत बघण्यासारखा. दिवाळीनंतर समुद्र गुळगुळीत होतो, तोवर आंबोलीचा कडा सुकायला लागलेला असतो. दोन्ही एका फेरीत बसवायचं तर हातात सप्टेंबरची अखेर आणि ऑक्टोबरचे पहिले दोन आठवडे, बस्स. जुलै-ऑगस्टच्या तारखा देऊन कोणी डॉल्फिन दाखवतो म्हणाला तर पैसे खिशातच ठेवा. आमच्या टूरवाल्याने नवरात्र धरलं होतं, म्हणून मला वाटलं माणूस जाणकार आहे. महिना त्याचा बरोबर होता. दिवस आणि तास चुकले, आणि या सहलीत सगळा खेळ तासाचाच आहे.

तुम्ही धडधाकट आहात, हरिहर गडाच्या पायऱ्यांवर पाय लटपटत नाहीत, थोडंफार पोहता येतं, असं धरून लिहितोय. रेनकोट, टॉर्च, पट्ट्याच्या सँडल हे सांगत बसत नाही.

नाशिकहून संध्याकाळी सातला बस सुटली. सिन्नर, संगमनेर, पुणे, कोल्हापूर करत मालवणला दुसऱ्या दिवशी सकाळी अकरा. सहाशेच्या आसपास किलोमीटर आहेत, पाठीची तयारी ठेवा. त्या दिवशी सिंधुदुर्ग किल्ला, तारकर्लीचा किनारा, रात्री सुरमई. छान झालं सगळं.

तिसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला देवबागच्या धक्क्यावर हजर राहायचं होतं. देवबाग म्हणजे एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला कर्ली नदी, मध्ये जमिनीची चिंचोळी पट्टी. पट्टी संपते तिथे नदी समुद्राला मिळते. गाववाले त्याला मुख म्हणतात, बोर्डांवर संगम लिहिलेलं असतं. होड्या नदीतून सुटतात, त्यामुळे डॉल्फिनसाठी बाहेर जायचं तर मुख ओलांडावंच लागतं. हे आम्हाला नाशिकात कोणी सांगितलं नव्हतं, आणि सोबतच्या 'गाइड'ला ते धक्क्यावर पोचेपर्यंत ठाऊक नसावं. हा गाइड म्हणजे बसमध्ये अंताक्षरी घेणारा आणि पाण्याच्या बाटल्या वाटणारा पोरगा. पोरगा गोड होता, त्याच्यावर राग नाही. पण समोरच्या कड्यावर पांढऱ्या पोटाचा समुद्री गरुड बसलेला दाखवून मी विचारलं, तर म्हणाला, "घार आहे सर." आपल्या नांदूरमध्यमेश्वरला चापडगावच्या काठावरचे गाइड उडत्या बदकाच्या पंखावरून जात सांगतात. तिथल्या सवयीने गेलेल्या माणसाची इथे पंचाईत होते.

धक्क्यावर पहिली गोष्ट निघाली पैशांची. "बोट पॅकेजमध्ये नाही सर, खाली लिहिलंय." लिहिलं होतं खरं. पोस्टरच्या तळाला, मुंगीएवढ्या अक्षरांत, 'जलक्रीडा स्वखर्चाने'. डॉल्फिन बघणं ही जलक्रीडा आहे हे मला त्या सकाळी कळलं. माणशी सातशे. चौदा जणांचे नऊ हजार आठशे गाइडने गोळा केले आणि धक्क्यामागे जाऊन कुणाशी तरी बोलून आला.

मग जॅकेटं. माझ्या जॅकेटला तीन बक्कलं. वरचं लागत होतं, मधलं तुटलेलं आणि खालच्याच्या जागी पायजम्याची नाडी. निळी-पांढरी विणलेली नाडी, टोकाला गाठ मारलेली. मी ते परत केलं, दुसरं मागितलं. दुसऱ्याला तिन्ही बक्कलं होती, फक्त आकार दहा वर्षांच्या मुलाचा. तिसरं बरं निघालं. या भानगडीत पंधरा मिनिटं गेली आणि सगळे माझ्याकडे रागाने बघत होते. बघू दे.

सव्वाआठला फायबरची होडी सुटली. नदीतली दहा मिनिटं गंगापूर धरणातल्या बोटिंगसारखी. बायको व्हिडिओ काढत होती, मेहुणा नाळेवर, म्हणजे होडीच्या पुढच्या टोकावर, हात पसरून उभा. होडी हाकणारा तांडेल मागून ओरडला, "बसान रवा! बसान!" मेहुणा हसत बसला, आणि पुढच्या मिनिटाला होडीचं तोंड आभाळाकडे गेलं.

तिथे काय होतं ते समजून घ्या, म्हणजे टाळता येईल. मुखाशी वाळूचा बांध साचलेला असतो, त्यामुळे पाणी उथळ. ओहोटीला नदीचं सगळं पाणी तिथून जोरात बाहेर पडतं आणि समोरून समुद्राची लाट आत येत असते. दोघांची टक्कर वाळूवर होते आणि लाट उभीच्या उभी राहून फुटते. त्यातून घाटावर आठवडाभर पाऊस झालेला, म्हणजे नदी फुगलेली. जो पाऊस तुमचा धबधबा भरतो तोच मुखावर तुमची वाट लावतो. सगळा प्रकार चार मिनिटांचा असेल. होडी वर जायची आणि धप्पकन आपटायची, प्रत्येक वेळी फळीवरून कंबर सुटून परत फळीवर. तिसऱ्या आपटीला माझा चष्मा गळ्यात आला. शेजारच्या काकू रामरक्षा म्हणत होत्या आणि दर आपटीला पहिल्यापासून सुरू करत होत्या. मी कळसूबाईला वादळात अडकलोय, पण तिथे पायाखाली दगड होता.

बाहेर पडल्यावर समुद्र नुसता डोलत होता, त्याचं काही वाटलं नाही. मी तांडेलला विचारलं, रोज असंच असतं का? तो म्हणाला, "सुकती चालू आसा. ह्या टायमाक मुखार लाटा फुटतत." सुकती म्हणजे ओहोटी. मग आत्ता कशाला आणलंत? "तुमच्या गाडयेक बाराक सुटाचा आसा, मगे आमी काय करतलव?"

आमच्या आजोबांना ठाऊक असलेला हिशोब मी विसरलो होतो, तुम्ही विसरू नका. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते. आम्ही गेलो त्या दिवशी चौथी माळ. चतुर्थी, म्हणजे चारची पाऊणपट तीन. पहाटे तीनला आणि दुपारी तीनला भरती, म्हणून सकाळी नऊला ठार ओहोटी. आम्ही जाताना उतरतं पाणी आणि येताना तळाला गेलेलं पाणी असं दोन्ही वेळा वाईटच गाठलं. हेच दशमीला साडेसात येतात आणि एकादशीला सव्वाआठ. शिवाय अष्टमीच्या आसपास भांगाची भरती असते, पाण्याला ओढ कमी. पौर्णिमा-अमावास्येच्या उधाणापासूनही त्या तिथी लांब. म्हणजे सकाळच्या फेरीसाठी दशमी-एकादशी, शुद्ध असो वा वद्य. आम्ही सहा दिवस थांबून दसऱ्याला गेलो असतो तर तीच होडी त्याच मुखावरून मुकाट बाहेर पडली असती. कॅलेंडर घरोघरी भिंतीवर असतं. सहल ठरवणाऱ्याला ते एकदा बघायला काय होत होतं?

आता डॉल्फिन. दिसले. दोन.

इथे दिसतात ते बहुतेक हम्पबॅक जातीचे. राखाडी, पाठीवर कुबडासारखा उंचवटा. कोळी त्यांना गादा म्हणतात. उथळ पाणी आणि नद्यांची मुखं हा त्यांचा मुलूख, म्हणून किनाऱ्याजवळ भेटतात. पोस्टरवरच्यासारखी हवेत उडी हा त्यांचा रोजचा धंदा नव्हे. आधी पाण्यावर एक चकाकी येते, मग कुबड, त्यावर छोटा पर, आणि पुन्हा पाणी. दोन सेकंद. मोबाइल उचलेपर्यंत सगळं संपलेलं असतं, माझ्याकडे पाण्याचे एकोणीस फोटो आहेत. गाइड मागून "जवळ घ्या, जवळ घ्या" करत होता. तांडेलने ऐकलं नाही, उलट इंजिन बंद केलं. एकदम शांतता, फक्त होडीच्या अंगावर पाण्याची चापचुप. आणि मग डाव्या अंगाला, पाच-सहा हातांवर, फूऽऽस असा श्वास सोडल्याचा आवाज आला. म्हैस पाण्यातून वर येते तेव्हा करते तसा. दिसण्याआधी तो ऐकू आला. काकूंची रामरक्षा थांबली. त्या एका आवाजासाठी मी पुन्हा जाईन, फक्त एकादशीला.

एक सांगतो, या जातीला जगभर धोका आहे आणि आपल्या वन्यजीव कायद्यात डॉल्फिन पहिल्या परिशिष्टात आहेत, वाघाच्या पंगतीला. त्यांच्या मागे होडी पळवायला लावू नका. बंद इंजिनाजवळ ते आपणहून येतात, हे आम्ही बघितलं.

परतीचं मुख जाण्यापेक्षा वाईट, कारण लाट मागून येते आणि दिसत नाही. मेहुण्याने सकाळी मिसळ खाल्ली होती. अधिक लिहीत नाही. उलटीची गोळी निघायच्या तासभर आधी घ्या, पोटात चहा-बिस्किटापेक्षा जास्त नको आणि बसायचं मागच्या बाजूला, नाळेकडे अजिबात नाही.

उतरल्यावर मी तांडेलला सहज विचारलं, होडीचे किती मिळाले. साडेचार हजार, म्हणाला, आणि मला आकडा ठाऊक नव्हता याचंच त्याला नवल वाटलं. नऊ हजार आठशेतले पाच हजार तीनशे धक्क्यामागेच जिरले होते. ज्याने मुखावरून आमचे जीव नेले-आणले त्याला निम्म्याहून कमी. नाशिकला टूरवाल्याला फोन केला तर म्हणतो, "सर, डॉल्फिन दिसले ना?" म्हणून सांगतो, होडी पॅकेजमधून आधीच काढून टाका. सातआठ जण जमले की धक्क्यावर जाऊन अख्ख्या होडीचा भाव तांडेलशीच ठरवा. भाव माणशी बोलू नका, होडीचा बोला, आणि त्यात निवतीचे खडक, भोगवे, त्सुनामी बेट यांतलं काय धरलंय ते तोंडाने वदवून घ्या. पैसे जॅकेटचं बक्कल लावून बघितल्यावर.

बाराला बस सुटली आणि साडेतीनला आंबोली. सातशे मीटरच्या आसपास उंची, वर्षाला सात हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस, त्यामुळे सप्टेंबरअखेरीस पाण्याला तोटा नाही. धबधबा रस्त्याच्या कडेलाच आहे, पायऱ्या चढून थेट धारेखाली जाता येतं. सोमेश्वरच्या धबधब्यावर वाढलेल्या आम्ही नाशिककरांनी तोंडात बोटं घातली. मान खाली घालून धारेखाली उभा राहिलो आणि मुखावरचं मीठ, सातशे रुपये, गाइड, सगळं पाच मिनिटांत धुऊन गेलं. वर ढग रस्त्यावर उतरलेले, खाली भाजलेल्या कणसांचा वास. आम्हाला वेळ किती दिला? पंचवीस मिनिटं. त्यातली दहा पार्किंग शोधण्यात. सहाशे किलोमीटर आणून पंचवीस मिनिटं! आंबोलीत रात्री मुक्काम करा, टॉर्च घेऊन रस्त्याकडेला बेडूक आणि साप दाखवणारे स्थानिक जाणकार तिथे मिळतात. पोस्टरवरचे 'वन्यजीव' खरे तिथे आहेत. रविवार टाळा. माकडांसमोर पिशवी उघडू नका. आणि दिवाळीनंतरच जमणार असेल तर आंबोलीऐवजी वैभववाडीजवळचा नापणे धबधबा धरा, तो बारमाही आहे.

रात्री कोल्हापूर, सकाळी अंबाबाई. नवरात्रातली रांग म्हणजे काय ते सांगायला नको, मुखदर्शनावर समाधान मानलं. परतीला एकट्या चाकणने पावणेदोन तास खाल्ले. पत्रकात नाशिकला पोचायची वेळ संध्याकाळी सहा लिहिलेली आहे. नाशिकच्या द्वारका चौकात उतरलो तेव्हा साडेअकरा वाजले होते आणि रिक्षावाला सिडकोचे दुप्पट मागत होता. दुसऱ्या दिवशीची रजा आधीच टाकून ठेवा.