ईस्ट ग्रिनस्टेड: नजर न चुकवणारं गाव

लंडनच्या व्हिक्टोरिया स्टेशनातून तासाभरात गाडी ईस्ट ग्रिनस्टेडला पोचते. मी आले ती सर आर्चिबाल्ड मॅकिंडो या न्यूझीलंडच्या सर्जनसाठी. दुसऱ्या महायुद्धात भाजलेल्या वैमानिकांवर त्यांनी इथे उपचार केले.

हाय स्ट्रीटवर सॅकव्हिल कॉलेजसमोर त्यांचा पुतळा आहे. पुढ्यात बसलेल्या वैमानिकाच्या खांद्यांवर त्यांचे हात. वैमानिकाची बोटं आखडलेली, नजर आभाळात. शिल्पकार मार्टिन जेनिंग्ज यांचे वडील स्वतः मॅकिंडोंचे पेशंट होते. हे माहीत असलं की त्या बोटांवरून नजर हलत नाही.

१९४० साली ब्रिटिशांच्या हरिकेन या लढाऊ विमानात इंधनाची एक टाकी थेट वैमानिकापुढे असे. ती पेटली की चेहरा आणि हात काही क्षणांत होरपळत. अशा जखमांवर तेव्हा टॅनिक अ‍ॅसिड लावत. त्याची कडक खपली धरून बोटं वाकडी होत. समुद्रात पडलेल्या वैमानिकांच्या जखमा बऱ्या भरतात हे मॅकिंडोंनी हेरलं आणि मिठाच्या कोमट पाण्याच्या अंघोळी सुरू केल्या. मग शस्त्रक्रिया, एकामागून एक, कित्येकदा वर्षानुवर्षं. अंगावरच्या कातडीची नळी शिवायची, एक टोक जागेवर जिवंत ठेवायचं, दुसरं नाकाकडे न्यायचं. पुण्याच्या माणसाला इथे कावसजी आठवणारच! टिपूच्या सैनिकांनी नाक कापलेल्या या गाडीवानाला पुण्याकडच्या वैद्यानं कपाळाच्या कातडीचं नाक करून दिलं, आणि ती हकिगत १७९४ मध्ये लंडनच्या मासिकात छापून आली.

पण मला मोठं वाटतं ते मॅकिंडोंनी गावाकडे मागितलेलं. इथल्या क्वीन व्हिक्टोरिया हॉस्पिटलात, त्यांच्या वॉर्ड तीनमध्ये बिअरचं पिंप असे, पेशंट स्वतःच्या गणवेशात हिंडत, पबात जात. लोकांनी टक लावून बघायचं नाही, तोंडही फिरवायचं नाही. गावानं हे पाळलं, त्यांना घरी जेवायला बोलावलं. या गावानंही सोसलं होतं: ९ जुलै १९४३ ला बॉम्ब पडून १०८ माणसं गेली.

१९४१ मध्ये पेशंटांनीच ‘गिनीपिग क्लब’ काढला; गिनीपिग म्हणजे ज्याच्यावर प्रयोग करतात तो प्राणी. युद्ध संपेपर्यंत ६४९ सभासद झाले. खजिनदार असा निवडला, ज्याचे पाय भाजलेले. पैसे घेऊन पळणार कसा? कँटलूप रोडच्या संग्रहालयात मॅकिंडो आणि क्लबचं दालन आहे. घाईत बघू नका. क्वीन व्हिक्टोरिया हॉस्पिटल अजून चालू आहे, आणि भाजलेल्यांवर तिथे आजही प्लास्टिक सर्जरी होते.