फॉरेस्ट हिल्सची थेल्मा रिटर

सहा वेळा ऑस्करचं नामांकन, आणि सहाही वेळा हात हलवत परत. सहाय्यक अभिनेत्रीच्या गटात इतकी नामांकनं आजवर दुसऱ्या कुणालाच मिळालेली नाहीत. तरी थेल्मा रिटर हे नाव आपल्याकडे फारसं कुणाला माहीत नाही. इथल्या, अमेरिकेतल्याही तरुण मंडळींना सांगावं लागतं, "हिचकॉकच्या 'रिअर विंडो'मधली ती फटकळ नर्स!" मग चेहरा लगेच आठवतो. 'अनाडी'तल्या ललिता पवारांची मिसेस डिसा आहे ना, त्याच जातकुळीतली बाई.

मी राहते त्या न्यूयॉर्कच्या क्वीन्समध्येच, फॉरेस्ट हिल्सला, तिचं घर होतं. जन्म १९०२ चा, ब्रुकलिनचा. अभिनयाचं रीतसर शिक्षण घेतलं, नाटकांत कामं केली, मग लग्न, दोन मुलं, संसार. नवराही मूळचा नटच, तो पुढे जाहिरात क्षेत्रात गेला. मुलं जरा मोठी झाल्यावर तिने रेडिओवर कामं सुरू केली. सिनेमा आला तो थेट पंचेचाळिशीत.

तोही केवढासा! 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट' (१९४७). मेसीज दुकानातला सांताक्लॉज एका पोराला खेळण्यातला आगीचा बंब कबूल करून बसतो. त्याची आई, म्हणजे आपली थेल्मा, वैतागते, कारण तिने सगळं शहर पालथं घातलेलं असतं आणि बंब कुठेच मिळालेला नसतो. सांता तिला शांतपणे दुसऱ्या दुकानाचा पत्ता देतो. आपलं गिऱ्हाईक दुसरीकडे पाठवणारा दुकानदार बघून तिचा चेहरा जो होतो, तो बघण्यासारखा आहे. श्रेयनामावलीत तिचं नावसुद्धा नाही. पण फॉक्स स्टुडिओचा प्रमुख डॅरिल झानक याच्या नजरेत ती भरली, आणि पुढची वीसेक वर्षं तिला कामाची ददात पडली नाही.

मोलकरीण, नर्स, आई, नटीची वेशभूषा सांभाळणारी बाई अशाच भूमिका. 'ऑल अबाउट ईव्ह'मध्ये ईव्हची रडकथा ऐकून सगळ्यांचे डोळे पाणावतात. ही एकटीच शेरा मारून मोकळी होते. ईव्हचं पाणी सर्वांत आधी हिनेच जोखलेलं असतं. पुढे अर्ध्यातच तिची व्यक्तिरेखा कथेतून गायब होते, हे मला आजही खटकतं.

पण माझ्या लेखी तिचं सर्वांत मोठं काम 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट' (१९५३) मधलं. मो नावाची म्हातारी गळ्यातले टाय विकते आणि जोडीला पोलिसांना खबरा विकते. महागाईचं कारण सांगून भावसुद्धा वाढवून मागते. कशासाठी? तर मेल्यावर स्वतःच्या मालकीच्या जागेत, नीट दफन व्हावं म्हणून. बेवारसांच्या दफनभूमीची तिला मरणापेक्षा जास्त भीती. ज्याची खबर तिने पोलिसांना विकली तो खिसेकापूही तिच्यावर रागावत नाही. तिलाही पोट आहे, हे त्याला कळतं. मात्र देशाची गुपितं विकणारा माणूस त्या खिसेकापूचा पत्ता विचारत पैसे घेऊन येतो तेव्हा ती तोंड उघडत नाही. खोलीत ग्रामोफोन चालू आहे, ती पलंगावर बसली आहे, आणि ती त्याला म्हणते की मी इतकी दमले आहे, गोळी घातलीस तर उपकारच होतील. कॅमेरा ग्रामोफोनकडे सरकतो. गोळीचा नुसता आवाज. यात रडारड नाही. दिवसभर पायपीट करून आलेल्या बाईचा थकवा मात्र खांद्यांत, आवाजात, बसण्यात, सगळीकडे आहे.

ती दफनभूमी म्हणजे शहराची खरीखुरी जागा. १८६९ पासून न्यूयॉर्कचे बेवारस आणि गरीब लोक हार्ट आयलंड नावाच्या बेटावर पुरले जातात. आजवर दहा लाखांहून जास्त. परदेशात राहणाऱ्याला मोचा हिशेब जरा जास्तच समजतो. आपल्यातलं कुणी इथे अचानक गेलं की मृतदेह गावी न्यायचा की इथेच सगळं उरकायचं, वर्गणी किती जमली, या चर्चा आम्हीही केलेल्या आहेत.

त्या भूमिकेसाठीही ऑस्कर हुकलं, डॉना रीडला मिळालं. १९५५ च्या ऑस्कर सोहळ्याचं न्यूयॉर्कमधलं सूत्रसंचालन मात्र तिनेच केलं. १९५८ मध्ये 'न्यू गर्ल इन टाउन' या संगीत नाटकासाठी टोनी पुरस्कार मिळाला, तोही ग्वेन व्हर्डनबरोबर विभागून. १९६९ च्या फेब्रुवारीत, ६७ वा वाढदिवस नऊ दिवसांवर असताना ती गेली.

तिचं काही बघायचं असेल तर सुरुवात 'द मेटिंग सीझन' (१९५१) पासून करा. हॅम्बर्गरची टपरी चालवणारी आई मुलाच्या घरी येते, नवी सून तिला स्वयंपाकीण समजते, आणि ही बाई ते खरं न सांगता कामाला लागते. सिनेमा खरा तिचाच, तरी नामांकन सहाय्यक अभिनेत्रीचं! घरात सासूबाई असतील तर त्यांनाही शेजारी बसवा, भाषेची अडचण येणार नाही.