संताजींच्या वह्या आणि विणेकरी बाबांची वही

मी पुण्यात जुन्या कागदांच्या एका दफ्तरात काम करते. म्हणजे दिवसभर मोडी कागदांचे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले गठ्ठे, सोडायचे, मऊ ब्रशनी धूळ झाडायची, पानांवर पेन्सिलनी नंबर टाकायचे, फाटलं असेल तिथे पातळ टिश्यू लावून गव्हाच्या खळीनं जोडायचं, नोंद करायची आणि परत बांधून फडताळात ठेवायचं. लोकांना कंटाळवाणं वाटतं, मला हे काम मनापासून आवडतं. यंदा आषाढीला तुकोबांच्या पालखीबरोबर चालले ते भक्तीनं तर आहेच, पण त्याहून जास्त संताजी जगनाडेंसाठी.

संताजी तेलघाण्याचा धंदा करणारे, तुकोबांच्या चौदा टाळकऱ्यांपैकी एक, आणि महाराजांच्या तोंडून निघालेले अभंग वहीत उतरवून ठेवणारे. कडूसचे गंगाराम मवाळ पण तसेच. इंद्रायणीत बुडवलेल्या वह्या तेरा दिवसांनी कोरड्या वर आल्या ही आपली श्रद्धा आहे आणि देहूच्या डोहापाशी उभं राहिलं की माझेही हात जोडले जातात. पण माझ्यासारखीला हेही दिसतं की त्यानंतरची दोनेकशे वर्षं त्या अभंगांच्या वह्या कुणीतरी वाळवीपासून, कसरीपासून, गळक्या छपरापासून जपल्या, परत परत नकलून काढल्या, म्हणून 1869 साली सरकारी मदतीनं गाथा छापायला घेतली तेव्हा अभ्यासक शंकर पांडुरंग पंडितांना देहू, तळेगाव, कडूस, पंढरपूर अशा ठिकाणच्या वह्या ताडून बघता आल्या. पुढे मराठी साहित्याचे इतिहासकार वि. ल. भाव्यांनी संताजींच्या वह्यांवरून वेगळी गाथा छापली. ज्यांनी मधल्या काळात त्या सांभाळल्या त्यातल्या बहुतेकांची नावं कुठेच नाहीत.

आकुर्डी, पुणे, लोणी काळभोर झालं, यवतला पिठलं-भाकरी खाल्ली, पाय सुजले, ते सगळ्यांचेच सुजतात. आमच्या दिंडीचे विणेकरी बाबा सत्तरीच्या पुढचे, दौंडकडचे शेतकरी. रोटी घाट चढून आल्यावर पालात बसलो होतो, पाऊस नुकताच उघडला होता, तेव्हा त्यांनी पिशवीतून प्लास्टिकमध्ये गुंडाळलेली एक वही काढून वाळायला ठेवली. त्यांच्या आजोबांनी लिहिलेली. बोरूनं लिहिलेलं बाळबोध अक्षर, काळी शाई, पावसाचं पाणी लागूनही फारशी फुटली नव्हती, काजळाची शाई असणार. गवळणी, भारुडं, प्रत्येकाच्या वर चाल कुठली ते लिहिलेलं, पानांच्या खालच्या कोपऱ्यात अंगठा लागून लागून तेलकट डाग पडलेले. आणि समासात बारीक अक्षरात मुक्कामाच्या नोंदी! कुठे पाऊस फार म्हणून कीर्तन झालं नाही, कुठे कुणाच्या वाड्यात जेवण, कुठे बैल आजारी पडला. मी तर अक्षरशः हरखून गेले, असं कुठल्या सरकारी कागदात सापडणार नाही.

दोन पानांवर सेलोटेप होता. म्हटलं, "बाबा, ही टेप कुणी लावली?"

"नातवानं लावली माऊली, फाटत हुती. आता पंढरपुरात लॅमिनेशन करून घेतो सगळी."

माझ्या काळजात चर्र झालं. लॅमिनेशन म्हणजे गरम प्लास्टिक कागदाला कायमचं चिकटतं, पुन्हा सोडवता येत नाही आणि ओल आत राहिली तर कागद आतल्या आत खराब होतो. सेलोटेपचा गोंद कागदात मुरतो, पिवळा डाग पडतो, आणि म्हणून ती टेपसुद्धा घाईनं ओढायची नाही, पापुद्रा निघून येतो. हे सगळं मी बाबांना सांगितलं, ते शांतपणे ऐकत होते. मग म्हणाले, "मंग आमचा आजा वेखंड ठेवायचा त्यात, ते बरूबर का?" एकदम बरोबर, वेखंड आणि सुती कापड, आणि प्लास्टिक फक्त पावसात चालताना वरून, मुक्कामाला पोचलं की लगेच काढायचं.

काटेवाडीला मेंढ्यांचं रिंगण बघितलं, बेलवाडीला अश्व धावले, सगळं डोळ्यात साठवलं, पण इंदापूरच्या मुक्कामातली दुपार मला जास्त लक्षात राहिली. वहीचे फोटो काढायला बसलो. बाबांची नात पान उलटायची, मी नंबरची चिठ्ठी बाजूला ठेवून मोबाइलनी फोटो घ्यायचे, पाठपोट दोन्ही बाजू, कोरी पानं पण सोडायची नाहीत. मधली काही पानं गेलेली होती, तिथे आलो की बाबा डोळे मिटून ती गवळण म्हणायचे आणि मी वेगळ्या कागदावर उतरवून घ्यायचे, वर लिहायचं, वहीत नाही, बाबांच्या तोंडून. एका ठिकाणी वहीत एक शब्द आणि बाबा म्हणतात दुसराच. बाजूच्या काकू म्हणाल्या वहीतला बरोबर, बाबा म्हणाले आमच्या फडावर असंच म्हणतात. मी दोन्ही लिहिले, एकही खोडला नाही, कारण कुठला खरा ते ठरवायची घाई केली की दुसरा कायमचा जातो. त्या दुपारी पाण्याचा टँकर आला तरी आमच्यातलं कुणी उठलं नाही.

पंढरपुरात गर्दी इतकी की कळसाचंच दर्शन घेतलं. बाबांनी लॅमिनेशनचा विचार सोडलाय, वही घरीच राहणार आहे आणि ती त्यांच्या घरीच राहावी असं मलाही वाटतं, पुढच्या वारीतही तीच लागणार आहे त्यांना. कार्तिकीनंतर पुण्याला घेऊन येतो म्हणालेत, टेप सोडवायला. तोवर तिच्या मापाची पुठ्ठ्याची पेटी करून ठेवते, बिनआम्लाचा पुठ्ठा आणायला सांगितलाय, आणि नातीला फोटोंची पानवार यादी कशी करायची ते फोनवर शिकवतेय, तिची बावीस पानं झालीत.