मोठेबाबांचं सागवान अन् तिघांचा डोळा

गावाचं नाव लिहीत नाही, प्रकरण चालू आहे. गडचिरोलीतल्या आरमोरीच्या पुढं कुठंतरी समजा. आमच्या मोठेबाबांच्या वावरात धानाच्या बांद्या सोडल्या तर बाकी सगळं सागवान. इतकी वर्षं तिकडं कोणी ढुंकून पाहिलं नाही, बाया मोहफुलं वेचायच्या अन् गुरं चरायची बस. झाडं कवेत मावेनाशी झाली अन् एकदम सगळ्यांना हक्क आठवला.

धुऱ्याशेजारचा म्हणते दोन ओळी माझ्यात येतात. एक चुलत हिस्सेदार म्हणते वारसान फेरफारात माझं नाव राहिलं. अन् तिसरा ठेकेदार, तो काहीच म्हणत नाही, फक्त दोघांच्या वकिलाची फी तोच भरते असं गावात सगळे म्हणतात (मी पावती पाहिली नाही, पण मोटारसायकल कोणाची फिरून राहिली ते पाहिलं).

आता गंमत अशी की यांना केस जिंकायचीच नाही. 1964 च्या वृक्षतोड कायद्यात सागवान येते, म्हणजे झाड स्वतःच्या वावरातलं असलं तरी परवानगी लागते, मोजणी, हद्द, झाडांवर नंबर, हॅमर (वनखात्याचा ठोकून उमटवलेला शिक्का), मग वाहतुकीचा पास. मधात कोणी एक आक्षेपाचा कागद टाकला की फाईल जागच्या जागी बसते. म्हातारा थकला की उभी झाडं मातीमोलानं ठेकेदारालाच देईल, हा हिशोब.

मोजणीच्या दिवशी तर कहरच, शेजाऱ्याचा पोरगा हद्दीच्या गोट्यावर चपला घालून उभा, हलेच ना. मोठेबाबा म्हणाले, "उभा राय बाबू, तुझ्या आज्यानंच गाडला तो माझ्या बापासंग."

नवीन पुडी म्हणजे झुडपी, म्हणजे विदर्भात जुन्या महसूल नोंदीत झुडपांची म्हणून लिहिलेली जमीन. 22 मे 2025 ला सुप्रीम कोर्टानं झुडपी जंगल हे वनच असं सांगितलं, तेव्हापासून शेजारी सांगत सुटला की यांचा गटही झुडपीच, सरकारजमा होणार. अरे पण नोंद पाहायची ना आधी! मालगुजारी (जुनी जमीनदारी) 1951 मध्ये गेली, त्यानंतरची 1954-55 ची अधिकार अभिलेख पंजी, म्हणजे जमिनीच्या हक्काची जुनी नोंदवही, आम्ही काढली, त्यात आज्याचं नाव अन् काबील काश्त, म्हणजे कसण्याजोगी जमीन. झुडपी आहे तो बाजूचा गट, जिथं शेजाऱ्यानंच तूर पेरली आहे. हे त्याला कोणी सांगितलं माहीत नाही, पण हल्ली तो निकालाचा विषय काढत नाही.

ठेकेदार परवा भाव वाढवून आला होता. मोठेबाबांनी चहा पाजला अन् सांगितलं, धान कापणी झाली की फेरमोजणी आहे, तेव्हा ये, गोटा धरायला माणूस लागते.