वेल्सचं यंत्र आणि त्याचे दोन दांडे

टूलरूममध्ये आयुष्य गेलं, त्यामुळे कथेतलं यंत्र दिसलं की मी आधी त्याचे कंट्रोल बघतो. एच. जी. वेल्सचं १८९५ सालचं कालयंत्र या बाबतीत आपलं आवडतं. निकेल, हस्तिदंत, स्फटिक, बसायला खोगीर. दोन दांडे: एकाने पुढे जायचं, दुसऱ्याने थांबायचं. संपला विषय! ते चालतं कसं, हे वेल्स शिताफीने सांगतच नाही.

डायल मात्र चार. दिवस, हजार दिवस, दहा लाख दिवस, शंभर कोटी दिवस. वर्षं नाहीतच. म्हणजे ८,०२,७०१ सालात उतरायचं तर सुमारे २९ कोटी दिवस मोजायचे. मी असतो तर वर्षाचा डायल मागून घेतला असता, पण असो.

उतरताना कथेतला हा कालप्रवासी गडी दोन्ही दांडे फिरकीने काढून खिशात टाकतो. स्कूटरची किल्ली काढावी तसं! पण यंत्र मॉर्लॉक, म्हणजे त्या भविष्यातले जमिनीखाली राहणारे माणसासारखे प्राणी, ओढून नेतात, तिथल्या स्फिंक्सच्या पुतळ्याच्या चौथऱ्यात, आणि मग अंधारात चाचपडत, अंगाशी झोंबणाऱ्यांना ढकलत दांडे परत बसवायचे. बिनउजेडाचं फिटिंग काय असतं ते आम्हाला विचारा.

सगळ्यात झकास हिशेब शेवटी आहे. यंत्र काळात फिरतं, जागा सोडत नाही. प्रयोगशाळेच्या आग्नेय कोपऱ्यातून निघालेलं यंत्र परततं ते वायव्येच्या भिंतीला. मधलं अंतर किती? मॉर्लॉकांनी ते जेवढं ओढलं, बरोब्बर तेवढंच.