पाय दुखणारी बाई

दमणं हा अभिनयाचा भाग असू शकतो, हे मला हॉलिवूडच्या थेल्मा रिटर या अभिनेत्रीमुळे कळलं. रडणं, भांडणं, मरणं हे सगळे नट करतात. पण दिवसभर उभं राहून तळपाय भाजल्यासारखे झालेत आणि तरी तोंड चालूच आहे, अशी बाई पडद्यावर फार क्वचित दिसते. घरात मात्र रोज दिसते.

थेल्मा ब्रुकलिनची, जन्म १९०२ चा. नाट्यशिक्षण घेतलं, लग्न केलं, दोन मुलं झाली, मग बरीच वर्षं घर. पहिला सिनेमा मिळाला तेव्हा पंचेचाळिशी आली होती. 'मिरॅकल ऑन थर्टीफोर्थ स्ट्रीट' (१९४७) मध्ये ती नाताळची खरेदी करून मेटाकुटीला आलेली आई आहे. पोराला आगीचा बंब हवाय, तो कुठेच मिळत नाही, आणि दुकानातला सांताक्लॉज खुशाल पोराला 'देतो' म्हणतो! ती अशी काही उखडते, की आपल्यालाच पिशव्या खाली ठेवून बसावंसं वाटतं. एवढं करून श्रेयनामावलीत तिचं नाव नाही.

नंतर मात्र नाव आलं. ऑस्करची सहा नामांकनं, सगळी सहायक अभिनेत्रीची. मिळालं एकदाही नाही. रंगभूमीवरचा टोनी पुरस्कार मिळाला, १९५८ मध्ये, तोही ग्वेन व्हर्डन या अभिनेत्रीबरोबर वाटून. म्हणजे तिथंही अर्धी भाकरी.

'ऑल अबाऊट ईव्ह'मध्ये ती बेटी डेव्हिसची मदतनीस. गोड बोलून घरात शिरलेल्या पोरीचं पाणी ती सगळ्यांच्या आधी जोखते. घरकाम करणाऱ्या बायकांना माणसं लवकर कळतात, यात नवल काही नाही. नवल हे, की अर्ध्या सिनेमानंतर ती दिसतच नाही. कुठे गेली, कुणी विचारत नाही. मी दरवेळी विचारते.

'रिअर विंडो'तली स्टेला मात्र जवळची. पाय प्लास्टरमध्ये घालून खिडकीतून शेजाऱ्यांकडे बघत बसलेल्या जेम्स स्टुअर्टला ती रोज मालिश करायला येते. औषध थंडगार. तो कुरकुरतो, गरम का नाही करत? तर म्हणते, रक्ताभिसरणाला झगडायला काहीतरी नको का! हे बोलताना हात थांबत नाही. आमच्याकडे बाळंतिणीला न्हाऊमाखू घालायला येणाऱ्या मावशींची रीत हीच. तेल चोळता चोळता गावभरच्या उखाळ्यापाखाळ्या आणि मधेच एखादं वाक्य असं, की पालथी पडलेली बाई गप्प. स्टेलाही आधी त्याला डोकावण्याबद्दल झापते आणि पुढे स्वतःच खिडकीला चिकटते. नाश्त्याच्या वेळी तर समोरच्या घरातला खुनी प्रेताचे तुकडे कुठे करेल याचा असा काही हिशेब मांडते, की त्या बिचाऱ्याला घास उतरत नाही.

पण माझ्या मनातून जात नाही ती 'पिकअप ऑन साऊथ स्ट्रीट' (१९५३) मधली मो. टाय विकायचे आणि पोलिसांना खबरी विकायच्या, हा तिचा धंदा. साठवलेला पैसा कशासाठी, तर बेवारसांच्या दफनभूमीत जायला लागू नये, चांगली जागा आणि वर दगड मिळावा म्हणून. एका रात्री घरी येते. ग्रामोफोनवर तबकडी लावते. खोलीत पिस्तूलवाला माणूस बसलेला. ती घाबरत नाही. इतकी दमलीय, की घाबरायलाही ताकद लागते. जगण्यासाठी किती पायपीट करावी लागते, हे ती त्यालाच सांगत बसते, जणू चाळीतल्या शेजारणीला सांगतेय. कॅमेरा हळूच ग्रामोफोनकडे वळतो. गाणं संपतं. गोळीचा आवाज.

पुढे बेवारस शवपेट्यांच्या होडीवरून एक पाकीटमार तिची पेटी उतरवून घेतो. सही करतो. तिला हवी तशी जागा देतो.

त्या वर्षीचं ऑस्कर डोना रीडला गेलं.