तुम्ही विचारलंत म्हणून: शिराकावाबाईंचं पुढे काय झालं?

जपानी सिनेमावर बोलायला लागलो की कुणीतरी आवाज खाली आणून विचारतंच, "त्या तसल्या सिनेमांतल्या नट्यांचं पुढे काय होतं हो?" विचारणाऱ्याला बहुधा शोकांतिका ऐकायची असते. मी काझुको शिराकावाचं सांगतो.

साठच्या दशकाच्या उत्तरार्धात ती 'पिंक' सिनेमांत, म्हणजे जपानच्या स्वस्तातल्या कामुक सिनेमांत आली. छोटे निर्माते, तुटपुंजा पैसा, प्रेक्षक फक्त प्रौढ. बरेचसे सिनेमे कृष्णधवल असत, रंगीत फिल्म फक्त प्रणयदृश्यांपुरती काढायची! आवाज मागाहून डब करायचा. काटकसर शिकावी तर या लोकांकडून.

१९७१ साली निक्कात्सु हा जुना, बडा स्टुडिओ टीव्हीपुढे टेकीला आला आणि 'रोमन पोर्नो' नावाचे स्वतःचे कामुक सिनेमे काढायला लागला. स्टुडिओतली बरीच मंडळी सोडून गेली. मग नायिका आणायची कुठून? पिंकमधून. नोव्हेंबरात आलेल्या पहिल्याच खेपेत, दिग्दर्शक शोगोरो निशिमुराच्या सिनेमात, शिराकावाने गृहसंकुलातल्या फ्लॅटमध्ये दिवस दिवस कंटाळणारी बायको केली. सिनेमा धो धो चालला. पुढे अशा फ्लॅटमधल्या बायकांची मालिकाच निघाली.

समीक्षक या सिनेमांचं कौतुक करतात ते दिग्दर्शकांना मिळालेल्या मोकळीकीचं. ठरावीक अंतराने प्रणयदृश्य द्या, सत्तरेक मिनिटांत आटपा, बाकी तुमची मर्जी. मोकळीक होती, मान्य. पण ती ज्यांच्या उघड्या अंगावर मिळाली, त्या बायका या कौतुकात तळटीपेपुरत्या येतात, आणि हे मला खटकतं.

१९७३ साली लग्न ठरलं आणि ती निवृत्त झाली. स्टुडिओने काय करावं? तिच्याच आयुष्यावर, तिचंच नाव देऊन, तिलाच घेऊन निरोपाचा सिनेमा काढला. बाई निघाली तर तिच्या निघण्यालाही तिकीट लावलं.

काही वर्षांनी ती परत आली, ती चरित्र अभिनेत्री म्हणून. १९७९ साली दिग्दर्शक शोहेई इमामुराच्या 'व्हेंजन्स इज माइन'मध्ये ती आहे. २०१३च्या 'क्योआकु' या गुन्हेपटातही आहे. सगळ्याच जणींना असं दुसरं आयुष्य मिळालं नाही, हेही सांगायला हवं. रोमन पोर्नो १९८८ साली बंद पडलं. पुढे निक्कात्सुने नव्या दिग्दर्शकांना घेऊन ते पुन्हा सुरू केलं, तेव्हा 'क्योआकु'वाल्या काझुया शिराइशीने २०१७च्या आपल्या सिनेमात शिराकावाला बोलावलं. सत्तरीला टेकलेली बाई गेली आणि काम करून आली.